फुकट विजेची किंमत

इंधनाविना अखंड चालणारे, घेतल्यापेक्षा अधिक वीज देणारे यंत्र जगात आजवर कोणी बनवलेले नाही आणि यापुढेही बनणार नाही. हा वाद केव्हाच निकालात निघाला आहे. पॅरिसच्या विज्ञान अकादमीने 1775 मध्ये अशा यंत्रांचे प्रस्ताव तपासणेच बंद केले. 1847 मध्ये हेल्महोल्ट्झने ऊर्जा अक्षय्यतेचा नियम गणिताच्या चौकटीत बसवला. तोच नियम आज आपल्या राज्यातील नववीचा विद्यार्थी ‘कार्य आणि ऊर्जा’ या पाठात शिकतो. आणि तरीही ते अशक्य यंत्र मोबाइलच्या पडद्यावर, शाळांच्या विज्ञान प्रदर्शनांत आणि गुंतवणुकीच्या आमिषांत राजरोस फिरते आहे. ज्यांनी ते अडवायचे, ते एक तर गप्प आहेत, नाही तर टाळ्या वाजवत आहेत.

या यंत्राचे रूप एव्हाना सर्वांच्या परिचयाचे आहे. टेबलावर एक मोटर, तिला पट्ट्याने जोडलेला डायनॅमो, भोवती चार चुंबके. डायनॅमोची वीज एक्स्टेंशन बोर्डात येते आणि त्याच बोर्डात मोटरची पिन खोचलेली असते. कोणी तरी चाकाला हाताने झटका देतो, बल्ब पेटतो, मागे भक्तिभावाचे संगीत सुरू होते. बोर्डाखालची बॅटरी किंवा टेबलाच्या पायातून गेलेली वायर कॅमेऱ्याला दिसत नाही. बेअरिंगचे घर्षण आणि तांब्याच्या वेटोळ्यांत निर्माण होणारी उष्णता यांपायी प्रत्येक फेरीत काही ऊर्जा निसटतेच. हे प्रामाणिकपणे जोडलेले यंत्र काही क्षणांत थांबते. जे थांबत नाही, त्याचे टेबल उलटे करून पाहावे.

पाण्यावर चालणाऱ्या गाडीची कथा याच कुळातली. एक लिटर पाण्याचे हायड्रोजन आणि ऑक्सिजनमध्ये विघटन करण्यास किमान सुमारे 4.4 युनिट ऊर्जा लागते. तो हायड्रोजन पुन्हा जाळला की आदर्श स्थितीत तेवढीच ऊर्जा परत मिळते, प्रत्यक्षात बरीच कमी. पाणी हे जळून झालेल्या हायड्रोजनची राख आहे. राख पेटवून चूल चालत नाही. तरीही 2012 मध्ये पाकिस्तानात अशा गाडीने थेट मंत्र्यांना भुरळ घातली. शेजाऱ्याला हसण्यापूर्वी आपण आपले 1996 साल आठवावे. त्या वर्षी तामिळनाडूतील वनौषधी पेट्रोलने अख्ख्या देशाला झुलवले होते आणि सरकारी विज्ञान खात्यापर्यंत त्याची दखल घेतली गेली होती.

फसवणुकीची रीत दोनशे वर्षांत बदललेली नाही. चार्ल्स रेडहेफर याने 1812 मध्ये फिलाडेल्फियात असेच स्वयंचलित यंत्र मांडून सरकारकडे पैसे मागितले. तपासणीस आलेल्यांना दिसले की चाकांच्या दात्यांची झीज उलट्या बाजूला झाली आहे. म्हणजे जे चाक यंत्राच्या बळावर फिरते असे सांगितले जात होते, तेच वस्तुतः यंत्राला फिरवत होते. पुढे न्यूयॉर्कमध्ये वाफेच्या बोटीचा निर्माता रॉबर्ट फुल्टन याने यंत्राच्या गतीतील हेलकावे हेरले आणि भिंतीलगतच्या फळ्या उखडल्या. आतून निघालेला तातीचा पट्टा थेट माळ्यावर पोहोचला होता आणि तेथे एक म्हातारा पाव चघळत दांडा फिरवत होता. प्रत्येक ‘फुकट’ ऊर्जेच्या माळ्यावर असा एक म्हातारा असतो.

आणि खरा धोका येथेच आहे. या भाकडकथेची पहिली झळ सामान्य कुटुंबाच्या खिशाला बसते. वीजबिल अर्धे करण्याचे वचन देणारी, प्लगात खोचायची डबी विकली जाते. आत बहुधा एक छोटा कपॅसिटर आणि एक लुकलुकणारा दिवा एवढाच ऐवज असतो. घरगुती बिल प्रत्यक्ष वापरलेल्या युनिटांवर येत असल्याने ते तिने कमी होत नाही. रात्रीच्या विजेवर पिकाला पाणी देणारा शेतकरी इंधनाविना चालणाऱ्या जनरेटरसाठी आगाऊ रक्कम भरतो तेव्हा त्याचे अज्ञान नव्हे, त्याची अगतिकता लुबाडली जाते. हे नुकसान रुपयांत मोजता येते. पुढचे येत नाही.

ज्या शाळेत हे यंत्र बक्षीस पटकावते, तेथे पाठ्यपुस्तकातील नियम परीक्षेपुरता खरा आणि प्रदर्शनात खोटा ठरतो. मुलगा एवढेच शिकतो की परीक्षकाने वायर पाहायची नसते. त्याच्या हाती भास्कराचार्यांचा दाखलाही दिला जातो. 1150 च्या सुमारास त्यांनी पारा भरलेल्या आऱ्यांच्या स्वयंवह चक्राचे वर्णन केले, हे खरेच; परंतु तेव्हा ऊर्जेचा नियम कोणालाच ज्ञात नव्हता. त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी ज्या भूमीत, चाळीसगावजवळ पाटण येथे, तेराव्या शतकाच्या आरंभी मठ स्थापन झाला, त्या भूमीने त्यांचे गणित विसरून नेमके चक्र तेवढे उचलावे, हा त्यांचा गौरव नव्हे.

याहून खोल जखम सार्वजनिक विवेकाला होते. कोयनेच्या 1,960 मेगावॉटमागे शिवसागर जलाशयात बुडालेली गावे आहेत. चंद्रपूरच्या 2,920 मेगावॉटमागे कोळशाची राख आणि ती श्वासात घेणारी वस्ती आहे. वीज हवेतून येते असे ज्या समाजाला पटले, तो समाज धरणग्रस्ताचे पुनर्वसन, राखेची विल्हेवाट, वहनातील गळती, सौर वीज रात्रीसाठी साठवण्याचा खर्च यांपैकी काहीही विचारणार नाही. शासनकर्त्यांना याहून सोयीचा नागरिक कोणता? आणि ज्या दिवशी टंचाई अंगावर येईल, त्या दिवशी हाच नागरिक अभियंत्याला चोर आणि भामट्याला दडपलेला प्रतिभावंत ठरवील. ‘तेल कंपन्यांनी शोध दाबला’ ही आरोळी आजच ऐकू येऊ लागली आहे.

कायदा तोकडा आहे, ही सबबही टिकत नाही. फसवणुकीसाठी भारतीय न्याय संहितेचे कलम 318 आहे. निसर्गनियमांशी उघड विसंगत दाव्याला पेटंट देता येत नाही, असे 1970 च्या पेटंट कायद्याचे कलम 3 सांगते. भामटे मिरवतात तो बहुतेकदा निव्वळ अर्जाचा क्रमांक. अर्ज तर साधारणपणे 18 महिन्यांनी आपोआप प्रसिद्ध होतो. ती मान्यता नव्हे. राज्यघटनेच्या कलम 51 क ने वैज्ञानिक दृष्टिकोन हे नागरिकाचे कर्तव्य ठरवले आहे, आणि मंत्रीही नागरिकच असतात. त्याच दृष्टिकोनासाठी डॉ. नरेंद्र दाभोलकर यांनी याच राज्यात 2013 मध्ये प्राण गमावले. अंगात देवी आणणाऱ्याविरुद्ध येथे कायदा झाला. मग चुंबकात देवी आणणाऱ्याला व्यासपीठ का?

मागणी साधी आहे. ऊर्जानिर्मितीचा दावा करणारे कोणतेही यंत्र शिक्षण विभागाच्या, विद्यापीठाच्या वा शासनाच्या मंचावर येण्यापूर्वी उघड्या टेबलावर ठेवले जावे, त्याचे प्रत्येक आवरण काढले जावे, आत जाणारी आणि बाहेर येणारी वीज त्रयस्थ मीटरने मोजली जावी. आत लपू शकेल अशी कोणतीही बॅटरी रिकामी होईल इतका काळ ते चालवून पाहावे. तोवर ना फीत, ना सत्कार, ना अनुदान. पुढील शालेय विज्ञान प्रदर्शनाच्या परिपत्रकात ही अट घालायला शासनाला चार ओळी पुरतील.