गोंडीच्या मागणीकडे मराठी माणसाने पाठ का फिरवावी?

सीमाभागातील आमच्या मराठी माणसाचे गाऱ्हाणे जुने आहे आणि रास्तही आहे. जुन्या मध्य प्रांत व वऱ्हाडात १९५० च्या कायद्याने हिंदी आणि मराठी या दोन्ही राजभाषा होत्या. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले, बालाघाट मध्य प्रदेशात राहिला आणि इथल्या मराठीचे कचेरीतले स्थान गेले. त्याच वर्षी घटनेत ३५० (क) हे कलम आले. भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळावे, असे ते सांगते. आम्ही आजवर त्याच कलमावर बोट ठेवत आलो आहोत.

पण बिरसा-बैहरच्या टोल्याटोल्यांवर गोंडी बोलणारे पोर पहिलीत बसते, तेव्हा हेच कलम त्याला लागू नाही काय? हा प्रश्न आमच्या सभांतून निघत नाही. तो लावून धरला तो एका लहान पक्षाने. शिक्षकी सोडून राजकारणात आलेल्या हीरासिंह मरकाम यांनी १९९१ मध्ये गोंडवाना गणतंत्र पार्टी काढली. वेगळे गोंडवाना राज्य आणि गोंडीला मान्यता, ही तिची मागणी. २००३ मध्ये मध्य प्रदेश विधानसभेत तिचे तीन आमदार निवडून आले, त्यांपैकी एक आमच्याच जिल्ह्यातील परसवाड्याचा. पुढे फाटाफूट झाली आणि २००८ मध्ये एकही जागा आली नाही. राज्याची मागणी आमच्यापैकी अनेकांना पटत नाही, ती पटलीच पाहिजे असेही नाही. भाषेचे मात्र तसे नाही.

२०११ च्या जनगणनेत गोंडी मातृभाषा सांगणारे सुमारे तीस लाख निघाले. बोडो भाषिक पंधरा लाखांच्याही आत. तरी बोडो २००३ मध्ये आठव्या अनुसूचीत गेली आणि गोंडी बाहेरच आहे. कारण उघड आहे. बोडो एका भागात एकवटलेले. गोंड मध्य प्रदेश, छत्तीसगड, महाराष्ट्र, तेलंगणा असे वाटले गेले. सरहद्दी आखताना त्यांना कोणी विचारले नाही. (आम्हाला तरी कोणी विचारले होते म्हणा!)

पॅसिफिक महासागरात न्यू कॅलेडोनिया हा फ्रान्सच्या ताब्यातील बेटांचा प्रदेश आहे. तिथे निकेलच्या खाणी आहेत, जशी आमच्या मलाजखंडला तांब्याची. कनाक हे तिथले मूळ रहिवासी, त्यांच्या भाषा सुमारे अठ्ठावीस. मारे बेटावरचा निदोईश नेसलीन हा तरुण १९६९ मध्ये पकडला गेला, तो स्थानिक भाषांत पत्रके वाटली म्हणून! त्यानेच पुढे १९८१ मध्ये स्वातंत्र्यवादी समाजवादी पक्ष काढला, ‘लिबरेशन कनाक सोशलिस्ट’. पक्ष लहानच राहिला, आणि स्वातंत्र्याला २०१८, २०२० व २०२१ अशा तिन्ही सार्वमतांत बहुमत मिळाले नाही. तिसऱ्यावर तर बहुतेक स्वातंत्र्यवाद्यांनी बहिष्कारच घातला होता. मात्र १९९८ च्या नूमेआ करारात फ्रेंचच्या जोडीने कनाक भाषाही शिक्षणाच्या भाषा म्हणून लिहिल्या गेल्या. राज्य मिळाले नाही म्हणून भाषेची मागणी वाया गेली असे तिथे झाले नाही.

इकडे महाराष्ट्राची गोष्ट ऐका. गडचिरोली जिल्ह्यातील मोहगावच्या ग्रामसभेने २०१९ मध्ये गोंडी माध्यमाची शाळा सुरू केली. शिक्षण खात्याने तिला बेकायदा ठरवून नोटीस धाडली. म्हणजे बालाघाटात मराठीच्या वाट्याला जे आले, तेच मराठी राज्यात गोंडीच्या वाट्याला. हे वाचून आमच्या मराठी वाचकाला राग येत नसेल, तर हिंदीवाल्यांवर रागावण्याचा त्याला काय अधिकार?

काही मंडळी म्हणतात, गोंडीला पुस्तके नाहीत, शिक्षक नाहीत, लिपीवर एकमत नाही. अडचणी खऱ्या आहेत. पण सीमेवरच्या मराठी शाळेलाही शिक्षक मिळत नाहीत. तेवढ्यावरून आम्ही मागणी सोडली काय? २०२० च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणात शक्यतो पाचवीपर्यंत मातृभाषेतून शिकवावे असे म्हटले आहे. ते कागदावरून वर्गात आणायचे तर आकडा लागतो; तो प्रत्येक भाषेचा वेगळा मोजला जातो, पण मराठी व गोंडीची मागणी एकत्र केली तर बिरसा-बैहरमध्ये तिला जोर येईल.

म्हणून आमचे सांगणे एवढेच आहे. येत्या ग्रामसभेत मराठी शिक्षकाचा ठराव मांडाल, तेव्हा त्याच कागदावर गोंडी शिक्षकही मागा, आणि खालच्या सह्यांसाठी गोंड टोल्यावर आधी जा.