तेरावं झालं, पण कोर्टाला कोणी कळवलं?



वाड्याच्या आठवणी आपण भरभरून सांगतो. झोपाळा, तुळशीवृंदावन, गणपतीची आरास. मी आज वाड्याच्या कोर्टातल्या फाइलीबद्दल लिहितोय. कडू लागेल, पण वाचा.

आमचे काका इंदुरात रामबागेत राहायचे. शेजाऱ्यानं सामायिक बोळात भिंत घालायला घेतली म्हणून त्यांनी एकट्याच्या नावानं दावा लावला. निकाल लागेपर्यंत बांधकाम करू नये, असा मनाई हुकूमही मिळवला. आम्ही त्याला ‘स्टे’ म्हणायचो आणि निर्धास्त होतो.

काका गेले. दहावं, तेरावं यथासांग झालं. मृत्यूच्या दाखल्याच्या दहा प्रती काढल्या. बँक, पेन्शन, विमा, गॅस, सगळीकडे दिल्या. कोर्टात एकही नाही! आठ महिन्यांनी बोळात विटा पडल्या. चुलतभाऊ स्टेचा कागद घेऊन धावला, तर वकीलसाहेब म्हणाले, “काका गेले? मला कोणी सांगितलंच नाही!”

आपल्यात दोन समजुती आहेत. एक, माणूस गेला की केस संपली. दुसरी, केस आपोआप मुलाच्या नावावर येते. दोन्ही चूक. बदनामीसारखा निव्वळ व्यक्तिगत दावा माणसाबरोबर जातो, पण मालमत्तेचा हक्क वारसांकडे उतरतो आणि त्यांना दावा पुढे चालवता येतो. मात्र दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 22 प्रमाणे त्यासाठी अर्ज करावा लागतो. मुदत मृत्यूपासून 90 दिवस. ती चुकली की दावा अबेट होतो, म्हणजे गळून पडतो. त्याच्या आधारावरचा तात्पुरता स्टेही मग उरत नाही आणि त्याच कारणासाठी नवा दावा लावता येत नाही. प्रतिवादी वारला तरी त्याचे वारस आणायचं काम वादीचंच. “म्हातारा गेला, कटकट मिटली” म्हणून बसलात तर फसलात. काही उच्च न्यायालयांनी या नियमांत आपापले बदल केले आहेत, तेव्हा वकिलांना विचारा. पण विचारा तरी!

लोक म्हणतात, कायदा निर्दयी आहे. मला नाही पटत. 90 दिवसांनंतर अबेटमेंट रद्द करून घ्यायला आणखी 60 दिवस मिळतात. तेही गेले तर सबळ कारण देऊन विलंब माफ करून मागता येतो. एवढी सवलत आमच्या बँकेनं एकाही कर्जदाराला दिली नसती. निर्दयी कायदा नाही, बेफिकीर आपण.

आता खरं दुखणं सांगतो. स्टे उडाल्याचं कळल्यावरही आमचा अर्ज तीन महिने अडला. का? वारसांत बहिणीचं नाव घालायचं नव्हतं! “ती सासरी सुखात आहे, तिला कशाला कोर्टात ओढायचं?” अहो, 1956 पासून मुलगी वडिलांची पहिल्या वर्गातली वारस आहे. काळजी बहिणीची नव्हती, हिश्श्याची होती. मीही त्या बैठकीत गप्प बसलो, हे इथे कबूल करतो. वारस मुद्दाम लपवला तर पुढे लागलेला निकालही अडचणीत येऊ शकतो, हे बँकेत जन्म घालवलेल्या मला कळायला हवं होतं.

शेवटी बहिणीनंच सह्या केल्या. कोर्टानं खर्च भरायला लावून विलंब माफ केला, दावा जिवंत झाला. पण तोवर भिंत उभी राहिली होती. आता ती पाडून मागण्यासाठी दाव्यात दुरुस्ती केली आहे आणि पेशीवर पेशी चालू आहे. भिंत होऊ नये म्हणून काका लढले. ती पाडण्यासाठी आम्ही लढतोय.

ज्यांच्या घरी केस चालू आहे, त्यांनी आजच एका कागदावर दावा क्रमांक, कोर्ट, वकिलांचा फोन आणि पुढची तारीख लिहून मुलांना आणि मुलींनाही द्या. दाखल्याच्या प्रती काढाल तेव्हा अकरावी काढा. ती वकिलांची.