मेरिट होतेच, दार बंद होते

धान निघाले की केशोरीकडच्या बांध्यांमध्ये पोरांची मैदाने तयार होतात. अशाच एका मैदानाच्या धुऱ्यावर बसलेला तरुण मला म्हणाला, "भाऊ, निदान खेळात तरी जात नसते. ज्याच्यात दम, तो पुढे जाते."

मित्रांनो, हा भ्रम आपल्या पोरांच्या डोक्यात कोणी भरला?

पालवणकर बाळू यांचे नाव किती जणांना ठाऊक आहे? चांभार समाजातला हा डावखुरा फिरकी गोलंदाज पुण्यात गोऱ्यांच्या क्लबात महिना चार रुपयांवर खेळपट्टी राखायचा. साहेबांना सरावासाठी तासन्‌तास गोलंदाजी टाकायची, पण बॅट हातात मिळायची नाही. हिंदूंच्या संघाने त्याला घेतले ते गोऱ्यांना हरवायचे होते म्हणून. मैदानात त्याने टाकलेला चेंडू चालायचा. चहा मात्र पॅव्हेलियनबाहेर, वेगळ्या मातीच्या भांड्यात. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्याने शंभरावर बळी घेतले. आता सांगा, मेरिट कुठे कमी पडले? तरीही हिंदू संघाची कप्तानी त्याला कधीच दिली नाही. १९२० मध्ये त्याला वगळले, तेव्हा शिवराम आणि विठ्ठल या भावांनी संघावर बहिष्कार टाकला. मग कुठे बाळूला उपकप्तानपद मिळाले. १९२३ मध्ये विठ्ठल कप्तान झाला आणि संघ जिंकला.

१९३७ च्या निवडणुकीत बाळू काँग्रेसच्या तिकिटावर बाबासाहेबांविरुद्ध उभे राहिले आणि हरले. त्या राजकारणाचा हिशेब जरूर करा. पण त्यासाठी त्यांच्यावर झालेला अन्याय विसरायचे कारण नाही.

आता अमेरिकेकडे बघा. तिथल्या व्यावसायिक फुटबॉल लीगने १९३४ ते १९४५ एकाही काळ्या खेळाडूला घेतले नाही. लीगने दार उघडल्यावरही वॉशिंग्टनच्या मालकाने आपला संघ १९६१ पर्यंत पूर्ण गोरा ठेवला. त्याला अक्कल कशी आली? नवे स्टेडियम केंद्र सरकारच्या जमिनीवर होते. सरकारने बजावले, भेदभाव चालू ठेवाल तर हे मैदान मिळणार नाही. लगेच १९६२ मध्ये बॉबी मिशेल संघात आला. इलिनॉय विद्यापीठातून खेळून आलेला, क्लीव्हलंडकडून चार हंगाम गाजवलेला खेळाडू. वॉशिंग्टनने त्याला रिसीव्हर केले, म्हणजे लांबून फेकलेला चेंडू झेलून धावणारा. पहिल्याच हंगामात ७२ झेल आणि १,३८४ यार्ड, दोन्हींत लीगमध्ये पहिला! १९८३ मध्ये त्याला हॉल ऑफ फेममध्ये मान मिळाला.

मिशेल १९६१ मध्येही तितकाच वेगवान होता. बदलले ते त्याचे पाय नव्हे, बदलली ती सरकारची अट. निवृत्तीनंतर तो २००३ पर्यंत त्याच संघाच्या कार्यालयात राबला, साहाय्यक जनरल मॅनेजरपर्यंत पोचला. वरची खुर्ची मात्र दुसऱ्यांनाच मिळत गेली. पुण्या-मुंबईचा बाळू आणि वॉशिंग्टनचा मिशेल, दोघांची गोष्ट एकच : घाम तुमचा, निर्णय आमचा.

म्हणून "खेळात मेरिटच चालते" म्हणणाऱ्यांना विचारा, मेरिट मोजणारा कोण? निवड समितीत कोण बसतो? प्रशिक्षक कोण नेमतो? प्रतिनिधित्व ही भीक नव्हे. बंद दाराची कडी काढायचा तो मार्ग आहे, आणि कडी निघाली की काय होते ते मिशेलच्या ७२ झेलांनी दाखवले.

आपल्याकडेही कित्येक क्रीडा संघटना सरकारी जमिनीवर आणि जनतेच्या पैशावर उभ्या आहेत. केशोरीच्या पोरांनो, बांधीतला खेळ सोडू नका. पण एक अर्जही लिहायला शिका. माहितीच्या अधिकारात विचारा : मैदानाची जमीन कोणाची, भाडे किती, अटी कोणत्या? उत्तर आले की पुढचा प्रश्न ठेवा : जमीन जनतेची, मग समितीत आम्ही का नाही?

पालवणकर बंधूंनी १९२० मध्ये हात जोडले नाहीत, संघ सोडला. त्यानंतरच दार उघडले.

जय भीम!