वाटून घेतलेली विद्या

मेरी आणि तिच्या मागोमाग शाळेत जाणारे कोकरू यांचे इंग्रजी गाणे तुम्ही लहानपणी ऐकले असेल. ती कविता १८३० साली एका अमेरिकन लेखिकेने प्रसिद्ध केली. तिचे नाव सारा जोसेफा हेल.

साराचा जन्म १७८८ साली न्यू हॅम्पशायर राज्यातील न्यूपोर्ट या गावी झाला. त्या काळी अमेरिकेत महाविद्यालयाचे दार मुलींना बंद होते. आईने तिला घरीच शिकवले. तिचा भाऊ होरेशियो डार्टमाऊथ महाविद्यालयात शिकत होता. आपण जे शिकलो ते तो घरी येऊन बहिणीला शिकवी. भावाला पदवी मिळाली, बहिणीला मिळाली नाही; पण विद्या दोघांना मिळाली.

ही विद्या पुढे तिच्या उपयोगी पडली. १८२२ साली तिचे पती वारले. पाच मुलांचा भार तिच्यावर आला. तिने आधी टोप्या शिवण्याचे काम केले आणि मग लेखणी हाती घेतली. १८२७ साली तिची कादंबरी निघाली. १८२८ साली ती बोस्टनमध्ये स्त्रियांच्या मासिकाची संपादक झाली. १८३७ पासून तिने ‘गोडीज लेडीज बुक’ हे मासिक सांभाळले. १८६० च्या सुमारास त्याच्या सुमारे दीड लाख प्रती खपत. वयाच्या एकोणनव्वदाव्या वर्षापर्यंत, म्हणजे १८७७ पर्यंत, तिने हे काम केले. मुलींना शिकवा, स्त्रियांना शिक्षिका आणि डॉक्टर होऊ द्या, असे ती सतत लिहीत राहिली.

मात्र एक गोष्ट लपवून चालणार नाही. स्त्रियांना मतदानाचा हक्क मिळावा, हे तिला मान्य नव्हते. मला वाटते, येथे तिची चूक झाली. जी स्त्री दीड लाख घरांसाठी मासिक चालवू शकते, ती मत का देऊ शकणार नाही? पण ज्या मुली शिकल्या, त्यांनी पुढे हा हक्कही मागितला आणि १९२० साली मिळवला. शिक्षण हे असेच असते. ते देणाऱ्याच्या विचारांपेक्षाही पुढे जाते.

म्हणून माझ्या मते या गोष्टीत होरेशियोचे स्थान मोठे आहे. त्याने कायदा बदलला नाही की भाषण केले नाही. आपले पुस्तक त्याने बहिणीपुढे उघडले, एवढेच. तुम्हीही आपल्या घरात पाहा. तुम्ही अभ्यासाला बसता तेव्हा तुमची बहीण काय करत असते? तिच्या हातात भांडी असतील, तर त्यातली निम्मी तुम्ही घासा आणि तिलाही पुस्तक घेऊन बसू द्या. विद्या वाटल्याने कमी होत नाही. ती वाढते.