बॅटरी मरी गई, अन् दोष आपला?



देवपूरच्या बैठकीत वनदाव्यांचं बोलणं संपलं, तशी डोंगरावरची एक म्हातारी उठली. म्हणाली, "पाड्यावरची सोलर बत्ती दोन पावसाळ्यांत बंद पडनी. साहेब म्हणतो, तुम्हा लोकांना सांभाळता येत नाही."

हे वाक्य ओळखीचं आहे ना? जंगलाबद्दल फॉरेस्टवाले हेच बोलत आले. आता बॅटरीबद्दल.

त्या डब्यात आहे काय? शिशाच्या पट्ट्या आणि पाण्यात मिसळलेलं गंधकाचं ॲसिड. १८५९ साली फ्रान्सच्या प्लांतेने काढलेली जुनीच वस्तू. तिला पोटभर चार्जिंग लागतं. आपल्याकडे आषाढ-श्रावणात आठ-आठ दिवस ऊन दिसत नाही. वरची सोलर प्लेट लहान बसवली, तर बॅटरी अर्धपोटीच राहते. अशी राहिली की पट्ट्यांवर पांढरा थर घट्ट बसतो, मग वैशाखाचं ऊन दिलं तरी ती भरत नाही. झाकणाच्या बॅटरीत डिस्टिल्ड पाणी टाकावं लागतं, विहिरीचं चालत नाही. ते पाणी पाड्यावर कोणी आणून दिलं? २०१७ च्या सौभाग्य योजनेत दुर्गम घरांच्या सोलर संचाची पाच वर्षांची दुरुस्ती धरलेली होती. तुमच्या पाड्यावर दुरुस्तीवाला किती वेळा चढला, ते मोजा. मग कोणाला सांभाळता आलं नाही ते ठरवू.

आता मेलेल्या बॅटरीचं. भंगारवाला येतो, हाताने उचलून बघतो, मनात येईल तो भाव देतो. तिच्या वजनात निम्म्याहून जास्त शिसं असतं, ते गाळून पुन्हा नवी बॅटरी बनते. म्हणजे तो कचरा नाही, माल आहे. पण हा माल उघड्यावर फोडला, भट्टीत वितळवला, की ॲसिड मातीत जातं आणि शिशाचा धूर शेजारच्या पोरांच्या अंगात. शिसं पोरांच्या मेंदूवर बसतं, लवकर कळतही नाही. २०२० साली युनिसेफने सांगितलं, जगातल्या सुमारे ८० कोटी मुलांच्या रक्तात ते घातक प्रमाणात आहे, म्हणजे तिघांत एक मूल. बॅटऱ्यांची अशी चोरटी भट्टी हे त्याचं मोठं कारण.

इथे आपलीही चूक कबूल करू. जाळ्याच्या गोळ्यांसाठी आपल्यातले काहीजण जुनी बॅटरी फोडून चुलीवर शिसं वितळवतात. त्याच चुलीवर भाकर भाजते. हे आजच बंद करा. नदीला जायला दगडाच्या गोळ्याही चालतात, आजोबा त्याच लावायचे.

२२ ऑगस्ट २०२२ च्या बॅटरी कचरा नियमांनी जुनी बॅटरी गोळा करून मान्यतेच्या कारखान्यात पोचवायची जबाबदारी बनवणाऱ्या कंपनीवर टाकली आहे. कंपनी काही डोंगर चढून येणार नाही, तिला बोलवावं लागेल.

आणि तार? "जंगल आहे, तार येत नाही" असं ऐकवतात. वनहक्क कायद्याचं कलम ३(२) काढून दाखवा. विजेच्या तारेसाठी एक हेक्टरच्या आत वनजमीन देता येते, हेक्टरी ७५ झाडांपर्यंत. शिफारस लागते ती ग्रामसभेची.

तर पुढच्या ग्रामसभेत दोन ठराव घ्या. एक तारेचा, कलम लिहून. दुसरा बॅटऱ्यांचा: पाड्यावर बंद किती, कधी बसवल्या, ठेकेदार कोण. तोवर त्या न फोडता, उभ्या, पोरांपासून लांब छपराखाली ठेवा. दोन्हींची सही-अंगठ्याची प्रत पुढच्या बैठकीला देवपूरला आणा. मोर्चा निघेल तेव्हा बॅटऱ्यांची यादी सोबत नेऊ.