मूकपटांतील अद्भुत आणि तळ्याची कहाणी

मूकपटाचा विषय निघाला कीं आमची सुशिक्षित मंडळी दादासाहेब फाळक्यांचें नांव घेतात, आणि त्यांत गैर कांहींच नाहीं. १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’, १९१७ चें ‘लंकादहन’, १९१९ चें ‘कालियामर्दन’ ही कामगिरी वादातीत आहे. परंतु तेवढ्यावरून अद्भुताचें चित्रण तेथेंच पुरें झालें, असा जो निष्कर्ष काढण्यांत येतो, तो आम्हांस मान्य नाहीं. फाळक्यांचें अद्भुत पुराणांतील. तेथें चमत्कार घडतो तो देवाचा महिमा पटविण्यासाठीं. प्रेक्षकानें हात जोडले कीं कार्य झालें.

लोककथेंतील अद्भुत नुसत्या नमस्कारावर संतुष्ट होत नाहीं. तें मोल मागतें. शिळासप्तमीची कहाणी पाहा. राजानें तळें बांधलें, पण पाणी लागेना. जलदेवतांनीं सुनेच्या थोरल्या मुलाचा बळी मागितला. राजानें सुनेला माहेरीं पाठविलें, नातवाला पलंगावर निजवून तळ्यांत ठेविलें, आणि तळें भरलें. गांवाची तहान भागली खरी, पण आईला कोणीं विचारलें? कोहळी शेतकऱ्यांनीं बांधलेल्या तळ्यांवर ज्या भंडारा जिल्ह्याचें धान पिकत आलें, तेथें तरी ही कहाणी ‘बायकांचें व्रत’ म्हणून बाजूस सारणें शोभत नाहीं.

अशा कथा पडद्यावर आणणें म्हणजे अंधश्रद्धेला खतपाणी, असा आक्षेप घेतला जातो. चेक कवी एर्बेन ह्यानें लोककथांवरून रचिलेलीं कथागीतें १८५३ मध्यें प्रसिद्ध केलीं. त्यांतील एका गीतांत मृत प्रियकर वधूस स्मशानांत नेऊं पाहतो. त्यावर १९२५ मध्यें मूकपट निघाला. तेथें भय हें विरहाचें रूप आहे. तें पाहून भुतांवर विश्वास बसलाच पाहिजे असें नाहीं. विरह मात्र कळतो. आणि मूकपटाला हें विशेष साधावें, कारण लोककथाही पात्रांच्या मनांतलें बोलून दाखवीत नाहीं. पाण्यांत उतरणारा पलंग आणि कांहीं ठाऊक नसतां माहेराहून परतणारी आई, एवढीं दोन दृश्यें पुरेत.

शेवटीं मूल परत मिळतें, तेव्हां तक्रार कसली, असेंही कोणी म्हणेल. पण मूल परत दिलें तें देवतांनीं, आणि तेंही आईचें व्रत पाहून, राजानें नव्हे. ज्यांना आज अद्भुतपट काढावयाचा असेल, त्यांनीं जलदेवतांपेक्षां ह्या राजाकडे अधिक निरखून पाहावें, असें आमचें स्पष्ट मत आहे.