एकच मॉस्को, दोन मापे : भारतीय महिला हॉकीच्या विसरलेल्या चौथ्या स्थानाविषयी

१/
ठाणे, भिवंडी आणि मीरा-भाईंदर या शहरांना पाणी पुरवणाऱ्या योजनेला ‘स्टेम’ म्हणतात. शहाड आणि टेमघर या दोन ठिकाणांच्या नावांतून हा संक्षेप घडला. त्यातील ‘टेम’ म्हणजे भिवंडीचे टेमघर. नळ उघडणाऱ्याला हे ठाऊक असण्याचे कारण नसते. पाणी पोहोचते आणि नाव मागे राहते. भारतीय महिला हॉकीच्या इतिहासातही एक नाव असेच मागे राहिले आहे : मॉस्को, १९८०. हा थ्रेड त्याविषयी.

२/
टेमघरमधील एखाद्या शाळकरी मुलीने उद्या म्हटले की तिला हॉकीत आघाडीच्या फळीत खेळायचे आहे, तर तिला कोणाची उदाहरणे दिली जातील? खडकीतून आलेले आणि चार ऑलिंपिक खेळलेले धनराज पिल्ले यांचे नाव पहिले येईल. मुलगी आहे म्हणून टोकियोत भारताचे नेतृत्व करणाऱ्या राणी रामपाल यांचे नाव दुसरे येईल. पुण्यात जन्मलेल्या एलिझा नेल्सन यांचे नाव मात्र सहसा येणार नाही. त्या ऑलिंपिक खेळल्या, आशियाई सुवर्ण जिंकणाऱ्या संघाच्या कर्णधार होत्या आणि पद्मश्रीच्या मानकरी आहेत. तरीही हे असे होते, आणि याला निव्वळ विस्मरण म्हणता येत नाही. त्यामागे मोजमापाची एक पद्धत आहे.

३/
आधी घटनाक्रम. महिला हॉकीला ऑलिंपिकमध्ये प्रथम स्थान मिळाले ते १९८० च्या मॉस्को स्पर्धेत. पुरुषांची हॉकी तिथे १९०८ पासून होती. म्हणजे या प्रवेशाला ७२ वर्षांचा विलंब झाला. डिसेंबर १९७९ मध्ये सोव्हिएत सैन्य अफगाणिस्तानात शिरले आणि अमेरिकेच्या पुढाकाराने अनेक देशांनी मॉस्कोवर बहिष्कार घातला. हॉकीतील अनेक बलाढ्य संघ त्यामुळे आले नाहीत. भारत गेला.

४/
महिलांच्या स्पर्धेत सहा संघ होते : झिंबाब्वे, चेकोस्लोव्हाकिया, सोव्हिएत संघ, भारत, ऑस्ट्रिया आणि पोलंड. सामने साखळी पद्धतीने झाले. उपान्त्य फेरी नव्हती, अंतिम सामनाही नव्हता. भारताने ऑस्ट्रियाला २-० आणि पोलंडला ४-० असे हरवले. झिंबाब्वेशी १-१ बरोबरी झाली. चेकोस्लोव्हाकियाकडून १-२ आणि सोव्हिएत संघाकडून १-३ असा पराभव झाला.

५/
गुणतक्ता बारकाईने वाचण्याजोगा आहे. विजयाला दोन गुण आणि बरोबरीला एक, असा तेव्हाचा नियम होता. झिंबाब्वे ८, चेकोस्लोव्हाकिया ७, सोव्हिएत संघ ६, भारत ५. सोव्हिएत संघाविरुद्धचा सामना नुसता बरोबरीत सुटला असता, तरी भारताचे ६ आणि यजमानांचे ५ गुण झाले असते. एका बरोबरीने कांस्यपदक हुकले. शिवाय सुवर्ण जिंकणाऱ्या झिंबाब्वेला संपूर्ण स्पर्धेत एकही संघ हरवू शकला नाही, आणि त्याला बरोबरीत रोखणारे संघ दोनच होते. त्यांपैकी एक भारत.

६/
त्या संघाची यादी हाच एक ऐतिहासिक दस्तऐवज आहे. कर्णधार रूपा सैनी. पुण्याच्या एलिझा नेल्सन आणि रेखा मुंडफन. त्यांच्यासोबत लॉरेन फर्नांडिस, सेल्मा डिसिल्वा, मार्गारेट टोस्कानो, नाझलीन मद्रासवाला, हुतोक्षी बगली, वर्षा सोनी, प्रेममाया सोनीर, हरप्रीत गिल आणि इतर. ख्रिस्ती, पारशी, मराठी आणि शीख नावे एका ओळीत उभी आहेत. पश्चिम भारतातील ख्रिस्ती आणि पारशी समाजांचा या संघातला वाटा नजरेत भरतो. मुलींच्या मैदानी खेळाविषयी ज्या घरांत आणि शाळांत संकोच कमी होता, तिथून हा खेळ वर आला, असे या यादीवरून अनुमान काढता येते.

७/
हा संघ अचानक उगवलेला नव्हता. १९७४ मध्ये फ्रान्समधील मांदेल्यू येथे महिलांची पहिली विश्वचषक हॉकी स्पर्धा झाली आणि भारत तिथेही चौथा आला होता. म्हणजे १९७४ ते १९८० या काळात भारतीय महिला संघ जगातील पहिल्या काही संघांत बसत होता. मॉस्कोतले चौथे स्थान हे त्या सातत्याचे फळ होते. त्याला बहिष्कारामुळे लागलेली लॉटरी म्हणणे चुकीचे आहे.

८/
तरीही आक्षेप ठरलेला असतो : ‘बलाढ्य संघ आलेच नव्हते, मग चौथ्या स्थानाचे कौतुक कसले?’ आक्षेप गैर नाही. स्पर्धकांची ताकद पाहिल्याशिवाय निकालाची किंमत ठरत नाही, हे इतिहासाच्या विद्यार्थ्याला मान्यच असले पाहिजे. फक्त हा नियम सर्वांना सारखा लागू व्हायला हवा. इथेच गोम आहे.

९/
त्याच मॉस्कोत भारतीय पुरुष संघाने आपले आठवे ऑलिंपिक सुवर्ण जिंकले. त्या स्पर्धेतही सहाच संघ होते : भारत, स्पेन, सोव्हिएत संघ, पोलंड, क्यूबा आणि टांझानिया. पाकिस्तान, नेदरलँड्स, पश्चिम जर्मनी आणि ऑस्ट्रेलिया यांपैकी कोणीही नव्हते. भारताने टांझानियाला १८-० आणि क्यूबाला १३-० असे हरवले. पोलंड आणि स्पेनशी साखळीत २-२ बरोबरी झाली. अंतिम सामन्यात स्पेनचा ४-३ असा पराभव करून सुवर्ण मिळाले.

१०/
ते सुवर्ण ‘आठ सुवर्णां’च्या गणनेत कोणत्याही तळटीपेविना मोजले जाते, आणि तसेच मोजले जावे. वासुदेवन भास्करन यांच्या संघाने जे संघ समोर आले त्यांना हरवले. न आलेल्यांना हरवण्याची सोय कोणत्याही खेळात नसते. पण मग तेच शहर, तोच बहिष्कार, तीच सहा संघांची स्पर्धा असताना महिलांच्या चौथ्या स्थानालाच ‘पण’ का जोडला जातो? पुरुषांच्या पदकातून बहिष्कार वजा होत नाही आणि महिलांच्या कामगिरीतून तो पूर्णपणे वजा होतो. एकाच मॉस्कोसाठी ही दोन मापे आहेत.

११/
हा योगायोग मानावा, तर दोनच वर्षांनी तो पुन्हा घडला. १९८२ च्या दिल्ली आशियाई स्पर्धेत महिला हॉकीचा प्रथमच समावेश झाला. एलिझा नेल्सन यांच्या नेतृत्वाखाली भारताने ते पहिले सुवर्ण जिंकले. त्याच स्पर्धेत पुरुषांचा संघ अंतिम सामन्यात पाकिस्तानकडून १-७ असा हरला. जनमानसात आज काय शिल्लक आहे? तो १-७ चा पराभव आणि गोलरक्षक मीर रंजन नेगी यांच्या वाट्याला आलेली अवहेलना. मायदेशी मिळवलेल्या महिलांच्या सुवर्णापेक्षा पुरुषांचा पराभव अधिक लक्षात राहिला.

१२/
पुढे २००२ मध्ये मँचेस्टरच्या राष्ट्रकुल स्पर्धेत भारतीय महिलांनी सुवर्ण जिंकले. त्या यशाच्या प्रेरणेतून २००७ मध्ये ‘चक दे! इंडिया’ हा चित्रपट आला आणि महिला हॉकी घराघरांत पोहोचली. चित्रपटाचे श्रेय मोठे आहे. मात्र त्याच्या केंद्रस्थानी एका पुरुष प्रशिक्षकाची गमावलेली अब्रू होती. महिलांच्या विजयाला लोकस्मृतीत शिरायलाही एका पुरुषाच्या पराभवाचा दरवाजा लागला, हे सूचक आहे. मँचेस्टरच्या संघाच्या कर्णधार सूरजलता देवी होत्या, हे चित्रपट पाठ असलेल्या किती जणांना सांगता येईल?

१३/
मोजमाप चुकले की त्याची किंमत खेळाडूच्या कारकिर्दीला मोजावी लागते. इथे अमेरिकेतील एक उदाहरण उपयोगी पडेल. कॅमी ग्रॅनॅटो या तिथल्या बर्फावरील हॉकीतील आघाडीच्या फळीतील खेळाडू. जन्म १९७१ चा. १९७२ मध्ये अमेरिकेत ‘टायटल नाइन’ हा कायदा झाला : संघराज्य सरकारचा पैसा घेणाऱ्या शिक्षणसंस्थेला लिंगावरून भेदभाव करता येणार नाही. कायद्याच्या मूळ वाक्यात खेळाचा उल्लेखही नव्हता. पण त्याच्या बळावर महाविद्यालयांत मुलींचे संघ उभे राहिले. ग्रॅनॅटो अशाच एका संघातून पुढे आल्या. १९९८ मध्ये नागानो येथे महिलांची बर्फावरील हॉकी ऑलिंपिकमध्ये प्रथमच आली, तेव्हा त्यांच्या नेतृत्वाखाली अमेरिकेने कॅनडाला ३-१ असे हरवून सुवर्ण जिंकले.

१४/
तरीही तो संघर्ष तिथे संपला नाही. २०१७ मध्ये अमेरिकी महिला खेळाडूंनी योग्य मानधन आणि सोयींसाठी मायदेशातील जागतिक स्पर्धेवरच बहिष्काराचा इशारा दिला. करार झाला, त्या खेळल्या आणि सुवर्ण जिंकल्या. महिलांची सध्याची व्यावसायिक लीग सुरू व्हायला जानेवारी २०२४ उजाडावे लागले. मात्र ग्रॅनॅटो यांची कहाणी तिथे विसरली गेली नाही. २०१० मध्ये हॉकीच्या ‘हॉल ऑफ फेम’मध्ये स्थान मिळालेल्या पहिल्या दोन महिलांपैकी त्या एक ठरल्या. पुढच्या पिढीने मागणी केली, तेव्हा तिच्यामागे नोंदवलेला इतिहास उभा होता.

१५/
भारतात महाविद्यालयांची ती भूमिका प्रामुख्याने रेल्वेने निभावली. राष्ट्रीय महिला हॉकीवर रेल्वेच्या संघाचे दीर्घकाळ वर्चस्व राहिले, कारण तिथे मुलीला पगार आणि सरावाला सवड या दोन्ही गोष्टी मिळत. पण नोकरीने खेळाडूचे पोट भरते, खेळाचा पाया रुंद होत नाही. मॉस्कोनंतर भारतीय महिला संघ ऑलिंपिकमध्ये थेट २०१६ साली रिओत दिसला. मधली ३६ वर्षे रिकामी आहेत. त्या काळात हॉकी गवतावरून कृत्रिम हिरवळीवर गेली होती, आणि अशी मैदाने भारतात फार थोड्या जागी होती. ज्या खेळाची मागची कामगिरी ‘खरी नव्हती’ असे ठरवले गेले, त्यावर पैसा खर्च करण्याची निकड कोणाला वाटणार?

१६/
२०२१ मध्ये टोकियोत राणी रामपाल यांच्या संघाने उपान्त्यपूर्व फेरीत ऑस्ट्रेलियाला १-० असे हरवले. कांस्यपदकाच्या सामन्यात ब्रिटनकडून ३-४ अशी हार पत्करून भारत चौथा आला. ‘महिला संघ प्रथमच उपान्त्य फेरीत’ ही बातमी अक्षरशः खरी होती, कारण १९८० मध्ये उपान्त्य फेरीच नव्हती. पण ‘आजवरची सर्वोत्तम कामगिरी’ म्हणताना पूर्वीच्या चौथ्या स्थानाचा उल्लेख करायला एक वाक्य पुरले असते. टोकियोची वाट अधिक खडतर होती, हे निर्विवाद. त्यासाठी मॉस्को पुसण्याची गरज नव्हती. टोकियोच्या संघावर देश हळहळला, त्याला सन्मान मिळाला, आणि तेच योग्य होते. एका बरोबरीने पदक हुकलेल्या मॉस्कोच्या संघासाठी मात्र कोणी हळहळल्याची आठवण जनमानसात उरलेली नाही.

१७/
दरम्यान महाराष्ट्रातील वाट बदलते आहे. हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेत कांस्य जिंकणाऱ्या भारतीय संघात सातारा जिल्ह्याच्या फलटण तालुक्यातील वैष्णवी फाळके होत्या. पुणे-मुंबईच्या छावण्या आणि जिमखान्यांभोवती फिरणारा खेळ गावात पोहोचला आहे. राज्याच्या सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंसाठी ५ टक्के आरक्षणही आहे. ही शिडी १९८० च्या पिढीला उपलब्ध नव्हती. पण शिडीची पहिली पायरी कोणी घडवली, हे नव्या मुलींना ठाऊक नसेल, तर प्रत्येक पिढीला आपण शून्यातून सुरुवात करतो आहोत असे वाटत राहील.

१८/
म्हणून मागणी साधी आहे. एक : ऑलिंपिकमधील भारतीय हॉकीचा इतिहास सांगताना, पाठ्यपुस्तकापासून समाजमाध्यमांपर्यंत, महिलांचे १९८० चे चौथे स्थान पुरुषांच्या आठव्या सुवर्णाशेजारी नोंदवले जावे; बहिष्काराची तळटीप द्यायची असेल तर दोन्हीकडे द्यावी. दोन : मॉस्कोच्या खेळाडूंनी साठी ओलांडली आहे. विद्यापीठांच्या इतिहास विभागांनी त्यांच्या मौखिक मुलाखती आताच, आणि मराठीतही, ध्वनिमुद्रित कराव्यात. गुणतक्ता कागदावर टिकतो. सरावाला जाताना घरी काय ऐकावे लागले, रजा कशी मिळाली, काठी कोणी घेऊन दिली, हे माणसाबरोबर जाते.

१९/
टेमघर ते चर्चगेटचे महिंद्रा हॉकी स्टेडियम हे अंतर मोठे आहे. मेट्रो ५ च्या आराखड्यात टेमघर नावाचे स्थानक आहे; ते अंतर कधीतरी कमी वाटू लागेल. पण हातात काठी घेणाऱ्या तिथल्या मुलीला मैदानाइतकीच आणखी एक गोष्ट लागेल : तिच्या आधी कोण खेळून गेले, याची खरी मोजणी. आघाडीच्या फळीत धावणाऱ्या खेळाडूकडे चेंडू मागच्या फळीतून येतो. तो कोणी दिला, हे नोंदवणे इतिहासाचे काम आहे.